चीज कोणाकडून घेतली? : ‘ऑकारिना ऑफ टाइम थ्रीडी’ या खेळाचे परीक्षण

बेळगाव-धारवाड पट्ट्यात गाणे शिकलेल्या माणसाला एखादी नवी बंदिश ऐकवली, तर ती बरी की वाईट हे सांगण्यापूर्वी तो “ही चीज कोणाकडून घेतली?” असे विचारतो. कुमार गंधर्वांचे जन्मगाव सुळेभावी इथून जवळच आहे आणि धारवाड-हुबळी ही तर गवयांचीच गावे. तेव्हा प्रत्येक चिजेला कूळ असते आणि ते सांगता आले पाहिजे, हा आग्रह इकडे फार जुना आहे. शहापुरात काही वर्षे पेटी शिकल्यामुळे तो माझ्याही अंगात मुरला आहे. हाच प्रश्न आपल्याला एका व्हिडिओ गेममध्ये पडेल आणि तिथे त्याला उत्तरच नसेल, असे मात्र मला कधी वाटले नव्हते. पुढील परीक्षण निंटेंडो कंपनीच्या ‘द लेजंड ऑफ झेल्डा : ऑकारिना ऑफ टाइम थ्रीडी’ या खेळाचे आहे, परंतु त्यातील एका पवनचक्कीत घडणाऱ्या मिनिटभराच्या प्रसंगालाच मी अधिक जागा देणार आहे, कारण उरलेल्या खेळाविषयी गेल्या पंचवीस वर्षांत पुष्कळ लिहून झाले आहे.

आधी खरेदीविषयी लिहितो, म्हणजे माझ्यासारखी फसगत दुसऱ्या कोणाची होणार नाही. हा खेळ निंटेंडो थ्रीडीएस या हातात धरून खेळायच्या यंत्रावर चालतो. त्या यंत्राचे उत्पादन २०२० मध्ये थांबले आणि त्यावरील ऑनलाइन दुकान मार्च २०२३ मध्ये बंद झाले, त्यामुळे आता वापरलेले यंत्र आणि खेळाचे वापरलेले कार्ड एवढाच मार्ग उरतो. मी दोन्ही वस्तू बेळगावातील एका जुन्या इलेक्ट्रॉनिक मालाच्या दुकानातून एकत्र घेतल्या. घरी आल्यावर यंत्र सुरू झाले, पण खेळ काही केल्या उघडेना. दुकानदाराचे म्हणणे असे, की कार्ड उत्तम आहे, तुम्हीच ते नीट बसवलेले नाही. दोन खेपा घातल्यावर उलगडा झाला, की यंत्र युरोपातले होते आणि कार्ड अमेरिकेतले. थ्रीडीएस हे प्रदेशाने बांधलेले यंत्र आहे. एका प्रदेशाचे कार्ड दुसऱ्या प्रदेशाच्या यंत्रावर चालत नाही. कार्डावरील संकेतांकाच्या शेवटी प्रदेशाची अक्षरे छापलेली असतात, ती पैसे देण्यापूर्वी वाचून घ्यावीत. दुकानदाराने अखेर कार्ड बदलून दिले, मात्र चूक आपली होती असे काही तो शेवटपर्यंत म्हणाला नाही.

मूळ खेळ नोव्हेंबर १९९८ मध्ये निंटेंडो ६४ या यंत्रासाठी आला. शिगेरू मियामोतो हे त्याचे निर्माते आणि कोजी कोंडो हे संगीतकार. जपानमधील ‘फामित्सू’ या साप्ताहिकाने चाळीसपैकी चाळीस गुण दिलेला हा पहिला खेळ. ग्रेझो या जपानी संस्थेने तो थ्रीडीएससाठी नव्याने बांधला आणि ती आवृत्ती जून २०११ मध्ये विक्रीस आली. कथा हायरूल नावाच्या कल्पित राज्यात घडते. लिंक नावाचा मुलगा कालमंदिरातील खड्ग उपसतो, परंतु ते पेलण्याचे त्याचे वय नसल्याने त्याला सात वर्षे निद्रिस्त ठेवले जाते. तो जागा होतो तेव्हा तरुण झालेला असतो आणि राज्य गॅनॉनडॉर्फ या खलनायकाने गिळलेले असते. पुढे वनमंदिर जिंकल्यावर एक सोय मिळते. खड्ग पुन्हा चौथऱ्यात रोवले की लिंक सात वर्षे मागे, आपल्या बालपणात जातो आणि उपसले की पुन्हा तरुण होतो. खेळाचा सारा उत्तरार्ध या ये-जा करण्यावर उभा आहे.

काकारिको या डोंगरउतारावरील गावात एक पवनचक्की आहे. तरुण लिंक आत जातो तेव्हा तिथे एक माणूस हाताने फिरवायची वाजंत्रीची पेटी गरगर फिरवत, संतापाने धुमसत उभा असतो. त्याची तक्रार अशी, की सात वर्षांपूर्वी ऑकारिना घेतलेला एक द्वाड मुलगा इथे आला, त्याने एक विचित्र चाल वाजवली आणि चक्कीची पार वाट लावली. ती चाल मी जन्मात विसरणार नाही, असे तो बजावतो. ऑकारिना म्हणजे मातीचे, अंड्याच्या आकाराचे, भोके असलेले फुंकून वाजवायचे वाद्य. ते लिंकच्याही हाती असते. ते पाहताच तो माणूस त्याला ती चाल ऐकवतो आणि लिंक ती उचलतो. खेळात या चालीचे नाव ‘वादळाचे गाणे’ अशा अर्थाचे आहे. मग खेळाडू कालमंदिरात परततो, खड्ग रोवतो, सात वर्षे मागे जातो आणि त्याच चक्कीत, त्याच माणसासमोर तीच चाल वाजवतो. चक्की पिसाट वेगाने फिरू लागते आणि गावच्या विहिरीतील पाणी उतरते. (खानापूरकडचा शेतकरी असता तर ते पाणी नेमके कुठे गेले, हे त्याने आधी विचारले असते. खेळ त्या बाबतीत मौन पाळतो.) कोरड्या विहिरीच्या तळाशी सत्य दाखवणारे भिंग मिळते, जे पुढे छायामंदिरात लागते. चक्कीतला माणूस मात्र हतबुद्ध होतो, आणि सात वर्षांनी याच मुलाला, तो तरुण होऊन आलेला असताना, याच मुलाविरुद्धची तक्रार ऐकवायला मोकळा राहतो.

मुलाने चाल माणसाकडून घेतली आणि माणसाने मुलाकडून. मग ती बांधली कोणी?

आपल्या जगात याचे उत्तर अर्थातच कोजी कोंडो असे आहे, परंतु हायरूलमध्ये ते नाही. ही चाल तिथे कोणी रचलेली नाही, कोणाला सुचलेली नाही, कोणाच्या स्वप्नातही आलेली नाही. ती सात वर्षांच्या एका फेऱ्यात फिरत आहे, आणि फेऱ्याबाहेर तिला ना मागे काही आहे, ना पुढे. गंमत अशी, की चक्कीत पाऊल टाकल्याबरोबर पार्श्वसंगीत म्हणून हीच चाल कानावर येते. बालपणातील भेटीतही, म्हणजे ती तिथे कोणी वाजवण्यापूर्वीसुद्धा, तीच वाजत असते. पार्श्वसंगीत पात्रांना ऐकू येत नाही असा संकेत असतो हे मला मान्य आहे, तरीही पहिल्यांदा हे लक्षात आले तेव्हा मी आवाज वाढवून दोनदा खात्री करून घेतली.

या माणसाला प्रस्तुत खेळात नाव नाही. २००० साली आलेल्या पुढच्या खेळात अगदी त्याच चेहऱ्याचा माणूस भेटतो आणि तिथे त्याचे नाव गुरु-गुरु असे आहे. जपानी भाषेत ‘गुरुगुरु’ म्हणजे गरगर, गोल गोल. आपल्या गुरूशी त्याचा काही संबंध नाही. तरीही ज्याचा गुरू त्याचाच शिष्य आहे अशा माणसाला हे नाव लाभावे, हा योगायोग मराठी आणि कानडी कानांनाच काय तो कळण्यासारखा आहे.

आता स्वरांकडे वळतो. ऑकारिनावर वाजवायला खेळ पाच बटणे देतो. सर्वांत खालचा स्वर षड्ज मानला, तर त्या बटणांवर सा, कोमल ग, प, शुद्ध ध आणि तार सा असे स्वर येतात; म्हणजे त्यांत एक ऋषभ घातला की शिवरंजनी तयार. आमच्या पेटीच्या गुरुजींना मी हे स्वर वाजवून दाखवले, तेव्हा त्यांनीही लगेच शिवरंजनीच म्हटले. वादळाच्या गाण्यासाठी यांपैकी तीनच स्वर लागतात : सा ग सां, सा ग सां. थ्रीडीएसवर त्यांची बटणे एल, आर आणि ए अशी आहेत. एवढे सहा ठोके अचूक पडले की उरलेली चाल खेळ स्वतः पुरी करतो, आणि ती तार ऋषभ-गंधाराशी दोन-तीन हेलकावे घेऊन कोमल निषादावरून पंचमावर येऊन थांबते. तो निषाद लागताच शिवरंजनी संपते हे खरे, परंतु तीन-तीन मात्रांच्या त्या फेऱ्यांत चक्कीची पाती डोळ्यांपुढे फिरू लागतात. खेळातील छोट्या सहाही चाली अशाच, तीन स्वर दोनदा वाजवून होणाऱ्या आहेत. परंतु तीनच स्वरांत दोन षड्जांमधली सबंध सप्तकाची उडी घेणारी ही एकटीच असावी, असे माझे मत आहे.

आपल्या न्यायशास्त्रात या दोषाला फार पूर्वीच नाव मिळालेले आहे. अ हा ब वर आणि ब हा अ वर टेकलेला असेल, तर तो अन्योन्याश्रय. कोणी म्हणेल, की बीज आधी की वृक्ष आधी हाच तो जुना वाद आहे आणि बीजांकुर न्यायाने तो सुटतो. माझ्या मते तसे होत नाही. बीजांकुर न्यायात प्रत्येक बी वेगळे आणि प्रत्येक झाड वेगळे असते. साखळी मागे कितीही लांब गेली, तरी कोणतेही बी स्वतःचाच आजा नसते. इथे बी एकच आहे आणि झाडही एकच. पाश्चात्त्यांपैकी डेव्हिड लुईस या तत्त्वज्ञाने १९७६ मध्ये अशा फेऱ्यांविषयी असे मांडले, की फेऱ्यातील प्रत्येक दुव्याचे कारण सांगता येते, सबंध फेऱ्याचे मात्र सांगता येत नाही. पण सांगता येत नाही म्हणजे अशक्य आहे असे नव्हे. पवनचक्कीला हे तंतोतंत लागू पडते. लिंकला चाल कशी येते, हे सांगता येते. त्या माणसाला कशी येते, तेही सांगता येते. चाल मुळात का आहे, एवढेच सांगता येत नाही.

यातील एक बारकावा गाण्याच्या विद्यार्थ्याला विशेष भावेल. चीज एका गळ्यातून दुसऱ्या गळ्यात जाताना थोडी तरी बदलतेच. एखादी हरकत गळते, एखादी जागा नव्याने पडते, आणि दोन घराण्यांत एकाच बंदिशीचे मुखडे निराळे ऐकू येतात. ही चाल तशी बदलली असती, तर फेरा जुळलाच नसता, कारण मुलाने वाजवलेली चाल आणि सात वर्षांनी त्या माणसाने शिकवलेली चाल यांत एका श्रुतीचाही फरक पडून चालत नाही. म्हणजे एकदाच ऐकलेली चाल त्याने सात वर्षे जशीच्या तशी राखली आहे, आणि तीही रागापोटी. इतकी निष्ठा मी कोणत्याही शागिर्दात पाहिलेली नाही. लयीच्या बाबतीत खेळ उदार आहे. ठोके सावकाश दिले तरी तो चाल ओळखतो. स्वरांच्या बाबतीत तो एवढीही सवलत देत नाही.

याच खेळात सरळ काळाची दोन उदाहरणे आहेत, आणि त्यांच्यामुळेच पवनचक्कीचे वेगळेपण उठून दिसते. हायलिया सरोवराकाठी एक बुजगावणे आहे. बालपणी त्याच्यासमोर आपण स्वतः रचलेली आठ स्वरांची चाल वाजवली, तर सात वर्षांनी तरुण लिंक परतल्यावर त्या बुजगावण्याला ती आठवत असते. इथे कर्ता स्वच्छ आहे. तो म्हणजे खेळाडू. मी तिथे भूपाचा एक तुकडा टाकायला गेलो आणि हाती शुद्ध गंधारच नाही हे आठवून परत फिरलो. दुसरे उदाहरण जादूच्या बियांचे. बालपणी बी पेरावे आणि तारुण्यात त्याच जागी उगवलेल्या, हवेत तरंगणाऱ्या पानावर बसून उंच कड्यांवर जावे. आधी पेरणी, मग पीक, जसे आपल्या शिवारात असते. बी विकणारा माणूस पहिल्या बीला दहा रुपी घेतो आणि पुढे प्रत्येक बीमागे दहाने भाव चढवत शंभरावर नेतो. बाजाराचा हा कायदा मात्र कोणत्याही काळात बदलत नाही, असे दिसते. खेळाच्या शेवटी तर आणखी निराळाच प्रकार आहे. लिंकला बालपणात परत पाठवल्यावर काळाला फाटे फुटतात, आणि निंटेंडोने २०११ मध्ये जाहीर केलेल्या अधिकृत कालक्रमात त्या ठिकाणी तीन शाखा दाखवल्या आहेत. म्हणजे एका खेळात काळाचे दोन कायदे नांदतात : चक्कीत एकच बंद वर्तुळ आणि शेवटी फाटे. हा दोष मानावा की मुभा, यावर माझे मत अजून पक्के झालेले नाही. पण काळ फुटत असेल तर चक्कीतला तो माणूस रागावलेला कसा, हा प्रश्न शेवट पाहिल्यावर अधिकच टोचतो.

ज्याने हा खेळ पूर्वी एकदा संपवलेला आहे, त्याला वादळाचे गाणे पाठच असते. तो नव्याने खेळ सुरू करून बालपणीच चक्कीत गेला आणि सहाही स्वर बिनचूक वाजवले, तर काय होईल? काहीही होत नाही. रीतसर शिकल्यावाचून खेळ ती चाल मान्य करीत नाही. स्वर तेच आणि जागा तीच, पण गुरूचा शिक्का नाही म्हणून विद्या निष्फळ. एकलव्याची आठवण व्हावी असाच हा न्याय आहे. मला आधी हा खेळाच्या बांधणीतला साधा कुलूप-किल्लीचा हिशेब वाटला. नंतर लक्षात आले, की याच एका नियमामुळे फेरा अभंग राहतो. ही सवलत मिळाली असती, तर खेळाडू स्वतःच्या आठवणीतली चाल फेऱ्यात आणू शकला असता, चालीला बाहेरचा उगम मिळाला असता आणि कोडेच उरले नसते.

हे कोडे मला नव्हे, आठवीत शिकणाऱ्या माझ्या भाच्याला आधी दिसले. जुलैच्या पावसात वीज गेलेली असताना तो कंदिलाशेजारी खेळत होता. विहिरीचे पाणी उतरल्याचे पाहून मी कौतुक करावे, या अपेक्षेने त्याने यंत्र माझ्यापुढे धरले आणि मग स्वतःच थबकला. “मामा, हा त्याच्याकडनं शिकला आणि तो ह्याच्याकडनं, तर पहिला शिकला कोण की?” मी उत्तर द्यायला तोंड उघडले आणि तसेच मिटले. स्वयंपाकघरातून ताईने “झोपा की आता दोघंबी” असे दोनदा म्हटले, तरी आम्ही कागदावर बाण काढून पाहत होतो. खेळ या विसंगतीकडे एका शब्दानेही लक्ष वेधत नाही, हे त्याचे मोठेपण मला त्या रात्री पटले. परंतु त्यातच एक उणीवही आहे. गाणे शिकणे आणि ते मागे जाऊन वाजवणे यांत खेळाडूचे कित्येक दिवस जाऊ शकतात. तोवर त्या माणसाची तक्रार विस्मरणात गेलेली असते, आणि अनेकांच्या हातून हा प्रसंग नुसते एक काम उरकल्यासारखा निसटत असणार.

नव्या आवृत्तीच्या गुणदोषांत फार वेळ दवडत नाही. मूळ खेळ सेकंदाला वीस चित्रांनी हलत असे, हा तीसने हलतो, आणि फरक डोळ्यांना जाणवतो. खालच्या स्पर्शपटावर ऑकारिनासाठी कायमची जागा आहे. वाजवताना शिकलेल्या चालींची यादीही तिथेच दिसते, त्यामुळे वहीत स्वर टिपून ठेवावे लागत नाहीत. मी तरीही टिपले. जलमंदिरातील प्रसिद्ध डोकेदुखी रंगीत खुणांमुळे पुष्कळ कमी झाली आहे. चष्म्यावाचून खोली दाखवणारा वरचा पडदा पवनचक्कीच्या आत खरोखर सुंदर दिसतो, पण मान जराशी हलली की चित्र दुभंगते. आवाज मात्र बारीक आहे. ज्या खेळाचा प्राण संगीत आहे, तो या इवल्या स्पीकरवर ऐकणे म्हणजे मैफल भिंतीपलीकडून ऐकण्यासारखे आहे. इअरफोन लावलेच पाहिजेत. पहिल्या थ्रीडीएसची बॅटरी तीन ते पाच तास टिकते असे कंपनी म्हणते. माझ्या वापरलेल्या यंत्राकडून तितकी अपेक्षा नव्हती आणि तितका वेळ ती टिकतही नाही.

माझी खरी नापसंती एका गोष्टीबद्दल आहे. या आवृत्तीत लिंकच्या घराबाहेर आणि कालमंदिरात बोलके दगड ठेवले आहेत, जे अडलेल्या खेळाडूला पुढची वाट दृश्यरूपात दाखवून देतात. मुलांना त्यांचा आधार होतो हे मी मान्य करतो, कारण खेळ इंग्रजीत आहे आणि मराठी किंवा कानडी माध्यमातल्या मुलाला प्रत्येक संवाद उलगडेलच असे नाही. तरीही चक्कीतल्या माणसाच्या शिव्यांवरून पुढे काय करायचे हे स्वतः ताडण्यात जी गोडी आहे, ती दगडाने सांगितल्यावर उरत नाही. भाच्याला मी ते दगड वापरायचे नाहीत अशी अट घातली होती, आणि त्याने ती बहुधा पाळली.

थ्रीडीएस आधीच घरात असेल, तर हे कार्ड जरूर मिळवावे. केवळ या खेळासाठी जुने यंत्र घ्यावे की नाही, हे मिळणाऱ्या भावावर आणि दुकानदारावर अवलंबून आहे. खेळ जतन करण्यासाठी कार्डावर तीन जागा आहेत. एक भाच्याची, तिथे गॅनॉनडॉर्फ कधीच हरला आहे. दुसरी माझी, ती जलमंदिरात अडकलेली आहे. तिसऱ्या जागेत मी तरुण लिंकला चक्कीत नेऊन चाल शिकवून घेतली, बाहेर आणले, आणि तिथेच खेळ जतन करून थांबलो. त्या जागेत मुलगा अजून मागे गेलेला नाही, त्याने काहीही वाजवलेले नाही, विहीर तुडुंब भरलेली आहे. आणि चक्कीतला माणूस सात वर्षांपूर्वी ऐकलेली ती चाल पेटी फिरवत वाजवतोच आहे.